वसंत रांजणे

वसंत बाबुराव रांजणे (जन्म : २२ जुलै १९३७, पुणे, मृत्यू : २२ डिसेंबर २०११) हे भारताकडून कसोटी क्रिकेट खेळलेले उजव्या हाताचे मध्यम-जलदगती गोलंदाज होते. १९५८ ते १९६४ या काळात त्यांनी सात कसोटी सामन्यांत १९ बळी मिळवले. प्रथम श्रेणी क्रिकेटमध्ये ते महाराष्ट्र आणि रेल्वे या संघांकडून खेळले.

पार्श्वभूमी

स्वातंत्र्यपूर्व आणि स्वातंत्र्योत्तर काळात महाराष्ट्र संघाची ओळख मुख्यतः फलंदाजीसाठी होती. सदाशिव पेठेतील सर परशुरामभाऊ महाविद्यालयात संस्कृतचे अध्यापन करणारे प्रा. दि. ब. देवधर यांच्या नेतृत्वाखाली महाराष्ट्राने १९३९-४० व १९४०-४१ अशी लागोपाठ दोन वर्षे रणजी करंडक स्पर्धा जिंकली. १९४८ मध्ये भाऊसाहेब निंबाळकर यांनी पुण्यातच काठियावाडविरुद्ध नाबाद ४४३ धावा केल्या. धावांच्या अशा परंपरेत नव्या चेंडूने सामना फिरवणारा गोलंदाज तयार होणे ही विरळ घटना होती.

प्रथम श्रेणी पदार्पण

रांजणे यांनी १९५६-५७ च्या हंगामात खडकवासला येथे सौराष्ट्राविरुद्ध रणजी पदार्पण केले. पहिल्याच सामन्यात त्यांनी एका डावात ३५ धावांत ९ बळी घेतले व त्यात हॅटट्रिकही साधली. संपूर्ण सामन्यात त्यांना ७१ धावांत १३ बळी मिळाले. ३५ धावांत ९ बळी ही कामगिरी पुढे त्यांच्या संपूर्ण प्रथम श्रेणी कारकिर्दीतील सर्वोत्तम ठरली; म्हणजे कारकिर्दीचे शिखर त्यांनी पहिल्याच सामन्यात गाठले होते.

कानपूर कसोटी, १९५८

वेस्ट इंडीज संघाच्या १९५८-५९ मधील भारत दौऱ्यात कानपूरच्या दुसऱ्या कसोटीसाठी त्यांची निवड झाली. या सामन्यात लेगस्पिनर सुभाष गुप्ते यांनी वेस्ट इंडीजच्या पहिल्या डावात १०२ धावांत ९ बळी घेतले. गुप्ते यांच्या गोलंदाजीवर लान्स गिब्ज यांचा झेल यष्टिरक्षक नरेन ताम्हाणे यांच्याकडून सुटला आणि त्याच गिब्ज यांचा रांजणे यांनी त्रिफळा उडवला. डावातील दहाही बळी घेण्याची गुप्ते यांची संधी त्यामुळे हुकली. रांजणे यांच्या पहिल्या कसोटी बळीचा उल्लेख आजही बहुधा गुप्ते यांच्या संदर्भातच केला जातो. वास्तविक तो एक गोलंदाज आपले काम करीत असताना मिळालेला बळी होता.

दोन्ही संघांचे पहिले डाव प्रत्येकी २२२ धावांवर संपले. दुसऱ्या डावात गॅरी सोबर्स यांनी १९८ धावा केल्या आणि वेस्ट इंडीजने सामना २०३ धावांनी जिंकला.

संघाबाहेर व पुनरागमन

कानपूरनंतर रांजणे यांना वगळण्यात आले. पुढच्या कोलकाता कसोटीत सुरेंद्रनाथ आणि मालिकेतील अखेरच्या दिल्ली कसोटीत रमाकांत देसाई यांनी पदार्पण केले. रांजणे यांना पुन्हा संधी मिळेपर्यंत भारत १८ कसोटी सामने खेळला होता. त्या काळी भारतीय संघ प्रामुख्याने फिरकीवर विसंबून असे. चेंडूची चकाकी घालवण्यापुरती काही षटके टाकली की मध्यमगती गोलंदाजाचे काम संपले, असे मानले जाई. अशा संघात दोन जागांसाठी तिघांची स्पर्धा होती.

नोव्हेंबर १९६१ मध्ये इंग्लंडविरुद्धच्या मुंबई कसोटीत ते परतले. इंग्लंडने आपला पहिला डाव ८ बाद ५०० धावांवर घोषित केला. त्यांपैकी चार बळी रांजणे यांनी ७६ धावांत मिळवले होते.

१९६२ च्या वेस्ट इंडीज दौऱ्यात बार्बाडोस येथे चार्ली ग्रिफिथ यांचा चेंडू डोक्याला लागून कर्णधार नरी कॉन्ट्रॅक्टर गंभीर जखमी झाले आणि २१ वर्षांच्या मन्सूर अली खान पतौडी यांच्याकडे नेतृत्व आले. भारताने पाचही कसोटी गमावल्या. किंग्स्टनच्या पाचव्या कसोटीत मात्र वेस्ट इंडीजचा पहिला डाव, सोबर्स यांच्या शतकानंतरही, २५३ धावांत आटोपला. त्यात रांजणे यांनी ७२ धावांत ४ बळी घेतले. कसोटीतील त्यांची ही सर्वोत्तम कामगिरी होय.

१९६४ मध्ये त्यांची कसोटी कारकीर्द संपली, तेव्हा ते केवळ २७ वर्षांचे होते. १९५८-५९ च्याच मालिकेत पदार्पण केलेले पुण्याचे चंदू बोर्डे ५५ कसोटी खेळले, हे लक्षात घेतल्यास सात हा आकडा अधिकच तोकडा वाटतो. १९ बळींसाठी रांजणे यांची सरासरी ३४.१५ होती, तत्कालीन भारतीय मध्यमगती गोलंदाजांच्या मानाने ती हलकी नव्हे. फलंदाज म्हणून ते तळाचे होते व कसोटीत त्यांनी एकूण ४० धावा केल्या.

कुटुंब

त्यांचे पुत्र सुभाष रांजणे हेही क्रिकेटपटू होते. नातू शुभम रांजणे मुंबईकडून खेळला व पुढे अमेरिकेच्या राष्ट्रीय संघातून आंतरराष्ट्रीय क्रिकेट खेळू लागला.