हरिसा: पाणी कमी, तेल भरपूर

ट्युनिशियात फ्रिकासे नावाचा छोटा तळलेला पाव मिळतो. त्यात ट्यूना मासा, उकडलेला बटाटा, अंडं, ऑलिव्ह असं बरंच काही भरतात, पण हरिसा, म्हणजे सुक्या मिरच्यांचं लसूण-तेलातलं वाटण, नसेल तर तो पाव अळणीच. निखाऱ्यावर भाजलेल्या मेर्गेझ सॉसेजलाही हरिसाच लागतो. युनेस्कोने २०२२ मध्ये हरिशाला अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत घेतलं.

घरी करायचा तर १०० ग्रॅम सुकी ब्याडगी मिरची घ्यावी. झणका हवा असेल तर चार-पाच लवंगी मिरच्या घालाव्यात. देठ आणि बिया काढायचा कंटाळा करू नये. बिया नीट वाटल्या जात नाहीत आणि चव कडवट करतात. आधी हाताला तेल चोळावं. आग करणारं कॅप्सेसिन तेलात विरघळतं, पाण्यात जवळजवळ नाहीच, म्हणून नंतर नुसत्या पाण्याने हात धुऊन भागत नाही, साबण लागतो.

मिरच्या गरम पाण्यात अर्धा तास भिजवून चाळणीत निथळत ठेवायच्या आणि मग फडक्यात घालून पिळायच्या, अगदी घट्ट. खरी मेहनत इथेच आहे. पाणी राहिलं तर चव पातळ होते आणि हरिसा लवकर नासतो. ट्युनिशियात मिरच्या खिम्याच्या यंत्रातून काढतात, त्यामुळे पाणी लागतच नाही. आपला मिक्सर मात्र अडतो आणि हात आपोआप पाण्याच्या भांड्याकडे जातो. तेव्हा पाण्याऐवजी ऑलिव्ह तेल सोडावं. मिरचीचा लाल रंगही तेलातच उतरतो.

वाटताना आठ-दहा लसूण पाकळ्या आणि दोन चमचे मीठ घालायचं. एक मोठा चमचा धणे आणि एक छोटा चमचा कॅरावे खलबत्त्यात जाडसर कुटून शेवटी मिसळायचे. कॅरावे नसेल तर शहाजिरं चालतं, पण थोडं कमी घालावं. धण्याची कणी दाताखाली यायला हवी. माझ्या मते गुळगुळीत हरिसा बाजारच्या ट्यूबमधलाच बरा.

कोरड्या बरणीत दाबून भरावा आणि वर बोटभर तेल ओतावं. या तेलाने हवा अडते, बुरशी टळते, पण तेवढ्यावर विसंबू नये: तेलाखालच्या लसणात, बरणी बाहेर राहिली तर, बॉट्युलिझमचे जंतू वाढू शकतात. म्हणून बरणी फ्रीजमध्येच ठेवायची, चमचा कोरडा वापरायचा आणि दर वेळी वरचं तेल पुन्हा भरायचं.

मांस भाजताना त्याला हरिसा सुरुवातीलाच थापू नये, लसूण जळून कडू होतो. लिंबू आणि तेलात सैल करून शेवटच्या दोन-तीन मिनिटांत ब्रशने लावावा.