सिंहाची नावे, वाघाची आडनावे : मुळशी-मावळाच्या संदर्भात एक नामविचार

मराठी व्यक्तिनामांत सिंह विपुल आढळतो. मराठी आडनावांत तो जवळजवळ नाही. प्रतापसिंह, उदयसिंह, जयसिंगराव, मानसिंगराव ही नावे सर्वांच्या परिचयाची आहेत. आडनावांकडे वळावे तर वाघ, वाघमारे, वाघमोडे, वाघचौरे, वाघेरे, वाघोले अशी वाघाचीच रांग समोर येते. मुळशी तालुक्यातील मारणे, मोहोळ, ढमाले या ठळक घराण्यांच्या नावांतही सिंहाचा मागमूस नाही. एकाच समाजाने एक पशू नावात घ्यावा आणि दुसरा आडनावात, ही विभागणी योगायोगाची मानता येत नाही. तिचे कारण प्राण्यांच्या वसतीत जितके आहे तितकेच शब्दांच्या इतिहासातही आहे.

वसतीची गोष्ट थोडक्यात सांगता येते. भारतीय सिंहाचा ऐतिहासिक संचार उत्तर व पश्चिम भारतातला. नर्मदेच्या दक्षिणेस तो स्थिरावल्याचे दिसत नाही. आज तो गीरमध्येच उरला आहे. पौड खोरे, मुठे खोरे, मोसे खोरे या सह्याद्रीच्या कुशीतल्या प्रदेशात पिढ्यान्‌पिढ्या माणसाची गाठ पडली ती पट्टेरी वाघाशी आणि बिबट्याशी. मराठीत बिबट्यालाही 'वाघ' म्हणण्याची रीत आहे, हे येथे लक्षात ठेवावे.

शब्दांचा इतिहास अधिक बोलका आहे. संस्कृत 'व्याघ्र' प्राकृतात 'वग्घ' झाला आणि मराठीत 'वाघ' म्हणून उतरला. जोडाक्षर सुटून आधीचा स्वर दीर्घ होणे हा मराठीचा नेहमीचा नियम; 'हस्त'चा 'हात' आणि 'कर्ण'चा 'कान' होतो तो याच वाटेने. 'सिंह' शब्दालाही प्राकृतात 'सीह' आणि 'सिंघ' अशी रूपे होती. परंतु त्यांचा वारस मराठीत सामान्यनाम म्हणून टिकला नाही. आज आपण लिहितो तो 'सिंह' संस्कृतातून जसाच्या तसा घेतलेला आहे, आणि उच्चारताना त्याचे 'सिंव्ह' करतो. जो शब्द रोजच्या बोलण्यात झिजतो तो तद्भव होऊन राहतो. जो ग्रंथातून आणि मूर्तीतून येतो तो तत्सम राहतो. राजस्थानात जैतसी, नैणसी या नावांतील 'सी' हा 'सिंह'चाच झिजलेला अवशेष आहे. तशी झीज मराठीने सिंहाच्या वाट्याला येऊ दिली नाही.

प्राकृत रूप या भूमीवर कधी काळी वापरात होते याचा पुरावा मात्र मुळशीच्या शेजारीच, मावळ तालुक्यात कोरलेला आहे. कार्ले येथील चैत्यगृहासमोर सिंहस्तंभ उभा आहे. त्यावरील लेखात महारठी गोतिपुत्र अगिमित्रणक याने हा स्तंभ दान दिल्याचे नमूद असून स्तंभाला 'सिहथभ' असे म्हटले आहे. त्याच लेण्यातील दानलेखांत धेनुकाकट येथील सिंहदत नावाचा एक गांधिक, म्हणजे सुगंधी द्रव्यांचा व्यापारी, दर्शनी भागाचा दाता म्हणून येतो. सिहधय नावाचा एक यवनही तेथे स्तंभ देतो. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी या डोंगरांत सिंहाचे नाव धारण करणारे हे दोघे; एक अत्तरविक्या आणि दुसरा परदेशी वंशाचा. दोघेही क्षत्रिय सरदार नव्हेत. 'सिंह' हे पद म्हणजे क्षत्रियत्वाची आणि त्यातही राजपूत मुळाची खूण, अशी जी समजूत आपल्याकडे रूढ आहे तिला एवढा एक पुरावा पुरेसा ठरावा. शाक्यसिंह हे बुद्धाचे एक नाव असल्यामुळे बौद्ध उपासकांत या पदाला धार्मिक अर्थ होता, हेही ध्यानात घेतले पाहिजे.

पुढील काळात हे पद राजकुलांकडे सरकले. बदामी आणि कल्याणीच्या चालुक्यांत जयसिंह नावाचे राजे झाले. देवगिरीच्या यादवांत सिंघण हे नाव येते. शार्ङ्गदेवाला आश्रय देणारा सिंघण (सुमारे १२१० ते १२४६) त्यांतला सर्वांत प्रसिद्ध. शिखर शिंगणापूर हे नाव परंपरेने या सिंघणाशीच जोडले जाते. इकारापूर्वीच्या 'स'चा 'श' होणे मराठीच्या प्रकृतीला धरूनच आहे.

येथे एक सावधगिरी बाळगावयास हवी. 'शिंग' हा वर्णसमूह दिसला की सिंह आठवावा, हा मोह अनेक कुलवृत्तान्तांना आवरलेला नाही. मराठीत 'शिंग' हे प्रथम 'शृंग'चे रूप आहे, आणि 'शिंगाडा' हे 'शृंगाटक'चे. तेव्हा शिंगाडे, शिंगटे या आडनावांना सिंहाकडे ओढून नेण्यापूर्वी शिंगाचा विचार करावा लागतो. 'शिंदे' आडनावाचेही तसेच. त्याचा संबंध मध्ययुगीन सिंद घराण्यांशी लावला जातो. आणि गंमत अशी की या सिंदांपैकी काहींचे लांछन सिंह नसून व्याघ्र होते. उलट बाजूनेही चूक होऊ शकते. 'वाघूळ' हे वटवाघळाचे नाव आणि 'वागुरा'पासून आलेली 'वाघर' म्हणजे जाळे. 'वाघ'ने आरंभ होणारे प्रत्येक नाव वाघाचे नसते.

मराठेशाहीत सिंहान्त नावे कशी रुजली हे एका उदाहरणातून स्वच्छ दिसते. १७०७ साली मोगलांच्या छावणीतून सुटून शाहू महाराज दक्षिणेत येत असता पारद गावच्या पाटलाच्या घरातील एक मूल त्यांच्या आश्रयास आले. त्याचे नाव राणोजी लोखंडे. शाहूंनी त्याला पुत्रवत् वाढविले, आणि तो फत्तेसिंह भोसले झाला. अक्कलकोटच्या राजघराण्याचा हा मूळपुरुष. 'राणोजी' हे गावाने दिलेले नाव; 'फत्तेसिंह' हे दरबाराने दिलेले. त्यातही पहिला अर्धा भाग अरबी-फारसीचा आणि दुसरा संस्कृताचा, असे हे नाव अठराव्या शतकाच्या राजकारणाचा आरसाच आहे. साताऱ्याचे छत्रपती प्रतापसिंह (१७९३–१८४७) यांच्या काळापर्यंत ही प्रथा राजकुलात मुरलेली होती, आणि तेथून ती देशमुख-पाटलांच्या घरांत उतरली. एका पिढीचा प्रतापसिंह पुढच्या पिढीचे आडनाव मात्र झाला नाही. पंजाबात १६९९ मध्ये खालसाच्या स्थापनेनंतर 'सिंग' हे सामुदायिक नामपद बनले. महाराष्ट्रात ते व्यक्तीपुरतेच अलंकरण राहिले.

याच प्रवृत्तीचा दुसरा आविष्कार म्हणजे सिंहगड. तानाजी मालुसरे १६७० मध्ये कोंढाण्यावर पडले आणि त्यांच्या स्मरणार्थ गडाचे नाव सिंहगड झाले, ही कथा शाळेपासून आपल्या मनावर कोरलेली असते. तथापि १६६३ च्या शिवकालीन पत्रात सिंहगड हे नाव आलेले आहे. म्हणजे नाव आधीचे, कथा नंतरची. यामुळे तानाजींच्या पराक्रमाला यत्किंचितही उणेपणा येत नाही. उलट असे दिसते की, गडाला आधीच असलेले एक गौरवनाम लोकांनी त्या वीराला वाहिले आणि त्या नावाला स्वतःचा अर्थ दिला. लोकव्युत्पत्ती इतिहास म्हणून चुकीची असते. लोकमनाचा दस्तऐवज म्हणून ती अस्सल असते.

आता वाघाकडे वळू. तैलबैल्याजवळून कोकणात उतरणाऱ्या घाटवाटेचे नाव वाघजाई घाट आहे. 'जाई' हा देवीवाचक अन्त्यावयव. घनगडाखालची गारजाईही त्याच कुळातली. सह्याद्रीच्या दऱ्यांत वाघोबाची ठाणी आहेत, आणि महादेव कोळी, ठाकर समाजांत आश्विनातील वाघबारस पाळली जाते. विठोबा, खंडोबा या देवनामांना लागणारा 'बा' वाघाला लागला. 'सिंहोबा' मात्र मराठीने कधी घडविला नाही. 'नरसोबा' आहे, पण तो अवताराचा वा सत्पुरुषाचा वाचक, पशूचा नव्हे. अशा भीतियुक्त आदरातूनच वाघोजी, वाघू ही जुनी नावे आणि वाघ हे आडनाव आले असावे. वाघमारे हे आडनाव कृतीचे, निदान दिसायला तरी. आणि ते अनेक जातींत आढळते, म्हणून त्यावरून जात ओळखू पाहणाऱ्याची फसगत ठरलेली. वाघेरे, वाघोलीकर यांसारखी आडनावे गावाकडे बोट दाखवितात. खंडोबाचा वाघ्या आणखी निराळा : भंडाऱ्यासाठी व्याघ्रचर्माची पिशवी बाळगणारा तो भक्त.

एका ठिकाणी मात्र सिंह लोकनामांत खोल शिरला आहे, आणि तेथे तो ओळखू येत नाही. पुणे जिल्ह्यातच नीरा आणि भीमा यांच्या संगमावर नीरा नरसिंहपूर आहे. नृसिंह ज्यांचे कुलदैवत त्या घरांत नरसिंह, नरसिंगराव, नरसू ही नावे येतात, तशीच नरहर आणि नरहरीही. संस्कृत कोशांत 'हरि' शब्दाचा एक अर्थ सिंह असा दिलेला आहे, म्हणून नरहरी म्हणजे नरसिंहच. नरहरी सोनारांच्या नावातला हा सिंह बहुतेकांच्या लक्षात येत नाही, कारण 'हरि' म्हटले की विष्णूच आठवतो. हैदर आणि असद या अरबी नावांचा अर्थही सिंहच. ती नावेही दख्खनेत शतकानुशतके वावरली आणि त्यांचा अर्थही बोलणाऱ्याच्या मनात उमटत नाही.

'केसरी' हा सिंहाचा आणखी एक पर्याय. १८८१ मध्ये पुण्यात याच नावाचे वृत्तपत्र निघाल्यावर मराठी कानांना तो शब्द सवयीचा झाला. पुढे तो कुस्तीच्या आखाड्यात गेला. 'महाराष्ट्र केसरी' हा किताब १९६१ पासून दिला जातो, आणि विजेत्याच्या खांद्यावर येणारी गदा ही मुळशी तालुक्याचे सुपुत्र मामासाहेब मोहोळ यांच्या स्मृतीची आहे. मल्ल गावी परततो, त्याच्या नावामागे 'केसरी' लागते; त्याचा मुलगा शाळेत जातो तो मात्र बापाच्या जुन्याच आडनावाने.