अनब्रेकिंग म्हणजे न मोडणारा टिकाव नव्हे

माइनक्राफ्ट या व्हिडिओ गेममध्ये टिकावावर ‘अनब्रेकिंग’ ही एन्चान्टमेंट (हत्याराला दिलेली जादुई शक्ती) चढवली की तो कधीच मोडत नाही, असा समज सर्रास आढळतो. नावामुळे तसे वाटणे साहजिक आहे. प्रत्यक्षात झीज थांबत नाही, कमी होते. हिऱ्याच्या टिकावाची ड्युरेबिलिटी (मोडेपर्यंतच्या वापरांची संख्या) १५६१ असते. तिसऱ्या पातळीच्या अनब्रेकिंगमुळे सरासरी चार ठोकळ्यांमागे एकदाच झीज होते. बसच्या पासावर कंडक्टरने चार फेऱ्यांत एकदाच पंच मारावा, तसे हे आहे. पास जास्त दिवस पुरतो, पण संपतोच. झीज भरून काढते ती ‘मेंडिंग’ ही दुसरी एन्चान्टमेंट. टिकाव हातात धरून कोळसा किंवा रेडस्टोन खणला, की बाहेर पडणारे अनुभवाचे हिरवट गोळे त्याची डागडुजी करतात. आवडता टिकाव जपायचा, तर दोन्ही हव्यात.