वाघिणींत माल कोणाचा?

मालगाडीच्या वाघिणींत काय भरले आहे, यावरून मुलखाची अर्थस्थिती ओळखावी. १८७० साली व्हाइसरॉय लॉर्ड मेयो यांच्या हस्ते जलंब-खामगाव फाटा खुला झाला, तो प्रामुख्याने कापसाच्या गाठींसाठी. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे मँचेस्टरच्या गिरण्यांची दृष्टी वऱ्हाडकडे वळली होती. खामगावची बाजारपेठ मुंबई बंदराशी जोडणे ही इंग्रजांची निकड होती.

आज मलकापूर, नांदुरा, शेगाववरून मालगाड्या धडधडत जातात. उघड्या वाघिणींत कोळसा, बंद वाघिणींत सिमेंट, खते व धान्य, टाक्यांत इंधन, सपाट वाघिणींवर पोलाद आणि कंटेनर. यांत या जिल्ह्याच्या मातीतले किती?

दोष केवळ मालमोटारींच्या चढाओढीचा नाही. पूर्वी व्यापाऱ्याला एकटी वाघीणही मिळत असे. आता रेल्वेचा भर अखंड गाडी भरण्यावर आहे. बंद वाघिणींची अशी गाडी म्हणजे सुमारे अडीच हजार टन माल. चिखली-मेहकरच्या व्यापाऱ्याने एवढे सोयाबीन एका वेळी, एका धक्क्यावर आणावे कसे? त्या तालुक्यांत तर लोहमार्गच नाही; जिल्ह्याचे मुख्य ठिकाणही त्यापासून वंचित आहे.

खामगाव-जालना मार्गाची मागणी ब्रिटिश अमदानीपासूनची आहे. ती मांडताना प्रवाशांइतकाच मालाचाही हिशेब दिला पाहिजे. गावोगावचा शेतमाल एकत्र करणारी गोदामे सहकारी संस्थांनी मार्गालगत उभारली पाहिजेत आणि रेल्वेनेही थोड्या वाघिणींची मागणी स्वीकारली पाहिजे. नाहीतर रूळ येतील. त्यांवरून माल मात्र इतरांचाच जाईल.