कसर, डांबरगोळ्या आणि तान्हे बाळ

ट्रंकेतली लोकरीची शाल काढावी, तर तिला भोके पडलेली! हा उद्योग कसरीचा. शाल झटकल्यावर उडणारा इवलासा पिवळसर पतंग स्वतः काहीच खात नाही. लोकर आणि रेशीम कुरतडते ती त्याची अळी. हा पतंग चावत नाही, रोगही पसरवीत नाही. डॉक्टर म्हणून मला काळजी वाटते ती त्याच्यासाठी ठेवलेल्या डांबरगोळ्यांची.

पुष्कळ डांबरगोळ्या नॅप्थॅलीनच्या असतात. त्यांची वाफ कपड्यांत मुरते. अशा दुपट्यात बाळाला गुंडाळले, की ती श्वासावाटे आणि कातडीतून शरीरात जाते. अंगाला तेल चोळलेले असेल तर अधिकच. काही बाळांच्या, विशेषतः मुलग्यांच्या, रक्तात जी-६-पीडी हे एन्झाइम जन्मतःच कमी असते. त्यांच्या तांबड्या पेशी यामुळे फुटतात. कावीळ वाढते आणि तिची बाधा मेंदूलाही होऊ शकते. डोळे पिवळे, लघवी गडद, बाळ मलूल, दूध ओढत नाही, असे दिसताच गंडेदोऱ्यांत वेळ न घालवता डॉक्टरांकडे न्यावे.

लोकरी कपडे धुऊन, कडक उन्हात वाळवून, झटकून घट्ट बंद पिशवीत ठेवावेत. बाळाच्या कपड्यांत डांबरगोळी कधीही ठेवू नये. मुलाने गोळी गिळलीच, तर उलटी करवू नये, डॉक्टरांना विचारल्याशिवाय दूधही पाजू नये. गोळ्यांचे पाकीट सोबत घेऊन तडक रुग्णालय गाठावे.

शाल नवी घेता येते.