नाशिकरोडचे यंत्र आणि तेलगीचे मुद्रांक

नाशिकरोडच्या, 1925 मध्ये स्थापन झालेल्या भारत प्रतिभूती मुद्रणालयात टपाल तिकिटे आणि मुद्रांक छापले जातात. नाशिककर त्याला नुसते ‘प्रेस’ म्हणतात. देशातल्या सर्वांत गाजलेल्या मुद्रांक घोटाळ्याचा माग याच प्रेसपर्यंत येतो.

अब्दुल करीम तेलगी मूळचा बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूरचा. लहानपणी रेल्वे स्टेशनवर फळे विकणारा हा माणूस 1994 मध्ये मुंबईत परवानाधारक मुद्रांक विक्रेता झाला. प्रेसने मोडीत काढलेली छपाई यंत्रे त्याने मिळवल्याचे तपासात पुढे आले. असे यंत्र पुन्हा कधी छपाई करणार नाही, इतके निकामी करूनच फाटकाबाहेर जायला हवे. ते चालू हालतीत हाती लागले, तर खऱ्याखोट्यातला फरक डोळ्यांना दिसेनासा होतो.

मुद्रांकाचा प्रवासही बनावटीला सोयीचा होता. नोट हातोहात फिरते आणि बँकेत परत येऊन तपासली जाते. मुद्रांक मात्र दस्ताला लागला, त्यावर शिक्का पडला की कायमचा फायलीत जातो. कागदामागे विक्रेत्याचा शिक्का, अनुक्रमांक, तारीख आणि सही दिसली की पक्षकार निर्धास्त होई. त्यात मुद्रांकांचा तुटवडा नेहमीचाच. तेलगीने बँका, विमा कंपन्या आणि दलाली पेढ्यांना घाऊक माल पुरवला; तिथे एकेक मुद्रांक निरखायला सवड कोणाला होती?

नोव्हेंबर 2001 मध्ये तेलगी अजमेरला पकडला गेला. 2002 मध्ये पुण्यात बनावट मुद्रांक सापडले आणि प्रकरणाचा आवाका कळू लागला. विशेष तपास पथक नेमले गेले, त्याच्या तपासात काही पोलीस अधिकाऱ्यांनाच अटक झाली. अण्णा हजारे न्यायालयात गेले आणि 2004 मध्ये तपास सीबीआयकडे आला. जून 2007 मध्ये तेलगीला 13 वर्षे सक्तमजुरी आणि 202 कोटी रुपये दंड झाला. शिक्षा भोगत असतानाच ऑक्टोबर 2017 मध्ये तो बंगळुरूच्या रुग्णालयात वारला. प्रेसमधून रेल्वेने जाणाऱ्या मुद्रांकांच्या चोरीचा खटला नाशिकला चालला. त्यात डिसेंबर 2018 मध्ये पुराव्याअभावी दिवंगत तेलगीसह सगळे निर्दोष ठरले. मुद्रांक वाटेत कसे गळाले, हे या खटल्यात सिद्ध झाले नाही.

नंतर आलेल्या प्रत्येक ई-मुद्रांकावर वेगळा क्रमांक असतो आणि तो संगणकावर पडताळता येतो. कागद हुबेहूब छापता येतो. नोंदवहीतला क्रमांक मात्र छापून तयार होत नाही.