जुगाराचे व्यसन : दस्तयेव्हस्कीच्या ‘जुगारी’मधून समजणारे रुग्णाचे मन

“एवढे पैसे बुडाले, तरी हा थांबत का नाही?” असे जुगाराच्या रुग्णाचे नातेवाईक नेहमी विचारतात. त्याचे उत्तर रशियन लेखक फ्योदोर दस्तयेव्हस्की यांच्या ‘जुगारी’ (१८६६) या कादंबरीत सापडते. हे व्यसन त्यांनी स्वतः भोगले होते.

जिंकणे घातक का ठरते?

कादंबरीतील ७५ वर्षांची आजी गंमत म्हणून रूलेटच्या टेबलावर येते, शून्यावर पैसे लावते आणि भरपूर जिंकते. खरे संकट इथूनच सुरू होते. पुढच्या खेळांत ती प्रचंड रक्कम हरते आणि घरी परतायलाही तिला उसने पैसे घ्यावे लागतात.

एका शून्याच्या रूलेटमध्ये ३७ खाने असतात, पण आकडा लागल्यास नफा लावलेल्या रकमेच्या ३५ पटच मिळतो. म्हणजे दीर्घकाळ खेळणारा हरणारच. शिवाय चक्राला आधीचा आकडा आठवत नसतो. “इतक्या वेळा हरलो, आता नक्की लागेल” हा समज म्हणूनच चुकीचा आहे.

हरल्यावरही थांबता का येत नाही?

बक्षीस कधी मिळेल हे अनिश्चित असले, की मेंदूतील डोपामाइनची यंत्रणा जास्त उत्तेजित होते. हळूहळू पैशापेक्षा त्या उत्तेजनेचीच ओढ लागते. कादंबरीचा नायक अलेक्सेई मोठी रक्कम जिंकतो, ती पॅरिसमध्ये उधळतो आणि पुन्हा टेबलाकडे वळतो. शेवटी तो कंगाल होतो. तरीही शेवटचे नाणे लावून एकदा जिंकल्याची आठवण त्याला सोडत नाही आणि सुटका तो ‘उद्या’वर ढकलतो. नुकसान भरून काढण्यासाठी पुन्हा खेळणे हे या आजाराचे प्रमुख लक्षण आहे.

कसे ओळखावे?

• पूर्वीइतकीच मजा येण्यासाठी रक्कम वाढवत जाणे
• बंद केल्यास बेचैनी, चिडचिड
• सोडण्याचे प्रयत्न वारंवार फसणे
• घरी खोटे बोलणे, कर्ज काढणे
• नोकरी, शिक्षण किंवा नाती धोक्यात येणे

पार्किन्सनच्या काही औषधांमुळेही (उदा. प्रॅमिपेक्सोल) जुगाराची अनावर ओढ लागू शकते. असे वाटल्यास औषध स्वतःहून बंद न करता डॉक्टरांना सांगा.

कुटुंबीयांनी काय करावे?

कादंबरीत मिस्टर अ‍ॅस्टली हा मित्र अलेक्सेईला थोडेच पैसे देतो, कारण मोठी रक्कमही तो जुगारातच घालवेल हे त्याला ठाऊक असते. तुम्हीही रोख रक्कम हाती देऊ नका. रुग्णाच्या संमतीने पैशांचे व्यवहार काही काळ दुसऱ्याने सांभाळावेत. रोज टोमणे मारल्याने तो फक्त अधिक लपवू लागतो.

शपथा घालून हे व्यसन सहसा सुटत नाही. दस्तयेव्हस्कींनी “आता पुन्हा नाही” असे पत्नी अ‍ॅना यांना अनेकदा कळवले, तरी घरातील दागिने आणि कपडेही गहाण पडत राहिले. १८७१ मध्ये मात्र ते थांबले. त्या काळी यावर उपचार नव्हते. आज मानसोपचारतज्ज्ञांकडे चुकीचे विचार आणि सवयी बदलणारी वर्तनोपचार पद्धती उपलब्ध आहे. सोबत नैराश्य किंवा दारूचे व्यसन असल्यास त्यावरही उपचार होतात. मधेच पुन्हा खेळला म्हणून उपचार वाया गेले असे समजू नका. डॉक्टरांना लगेच कळवा.

कर्जात बुडालेल्या रुग्णाच्या मनात आत्महत्येचे विचार येऊ शकतात. तसे बोलल्यास त्याला एकटे सोडू नका आणि तातडीने मदत घ्या. भारतात ‘टेली-मानस’ची १४४१६ ही मोफत हेल्पलाइन चोवीस तास सुरू असते.